पांथकेवडा: चालणारे झाड चालताना मुळे कुठे ठेवते?

पठारावरची:

नमस्कार. मी गेली दोन वर्षे कुमारवयीन वाचकांसाठी एक अद्भुतरम्य कादंबरी लिहीत आहे. तिच्यातले जग संपूर्णपणे कल्पित आहे. एक विस्तीर्ण, कोरडे पठार आहे. तिथे पाऊस सगळीकडे एकदम पडत नाही; पावसाचा एक अरुंद पट्टा पूर्वेकडून पश्चिमेकडे वर्षानुवर्षे हळूहळू सरकत जातो आणि त्याच्या मागे राहिलेली जमीन पुन्हा भेगाळते. या पट्ट्यामागोमाग चालणारी एक वनस्पती मी योजली असून तिचे नाव पांथकेवडा असे ठेवले आहे. आपल्या किनाऱ्यावरच्या केवड्याप्रमाणे तिची आधारमुळे खोडापासून फुटून तिरकी जमिनीत उतरतात. अशी आठ मुळे, खोडाचे बूड फुगीर, उंची सुमारे दोन पुरुष आणि शेंड्याला लांब पात्यांचा झुबका. पांथकेवडा जिथे थांबतो तिथे जमिनीखाली पाणी असतेच, म्हणून माझ्या नायिकेचे गाव त्याच्या मागोमाग बिऱ्हाड हलवत राहते.

तिसऱ्या प्रकरणात वणवा लागतो आणि चाळीस पांथकेवड्यांचे बन एका रात्रीत उठून बारा कोसांवर जाते. हे प्रकरण मी माझ्या अकरा वर्षांच्या भाचीला वाचायला दिले होते. तिने समासात पेन्सिलीने बारीक फुली मारली आणि विचारले, "मावशी, हे झाड चालत असताना पाणी कुठून पितं? आणि मुळं कुठे ठेवतं?" या प्रश्नाला दोन आठवडे माझ्याकडे उत्तर नाही. "ती जादू आहे" असे सांगून मोकळे होता आले असते, परंतु या पुस्तकातल्या इतर प्रत्येक गोष्टीला नियम आहे, आणि नियम पाळणाऱ्या जगावर विश्वास टाकलेल्या मुलीला नेमके इथेच गप्प बसवणे मला योग्य वाटत नाही.

इथे वनस्पतिशास्त्राचे आणि शेतीचे जाणकार आहेत, म्हणून विचारते. झाडाला खरोखर चालायचे असेल, तर त्याच्या शरीरात काय काय बदलावे लागेल, एका दिवसात ते किती अंतर कापू शकेल, आणि त्यासाठी त्याला कशावर पाणी सोडावे लागेल? मला पळवाट नको आहे. या झाडाचे आयुष्य कसे असेल ते समजून घ्यायचे आहे.

देवराई:

आपल्या भाचीची फुली अगदी योग्य जागी पडली आहे. मी अनेक वर्षे महाविद्यालयात वनस्पतिशास्त्र शिकवले, आणि "चालणारे झाड खरेच असते का" हा प्रश्न दर दोन-तीन वर्षांनी कोणीतरी विचारतेच. त्याचे कारण मध्य आणि दक्षिण अमेरिकेतल्या वर्षावनांमधला एक ताड आहे, सोक्रेटिया एक्सोरायझा. त्याचे खोड उंच आधारमुळांवर जमिनीपासून वर उचललेले असते. जुनी मुळे एका बाजूने मरतात, दुसऱ्या बाजूने नवी फुटतात आणि झाड उजेडाच्या दिशेने चालत जाते, असे तिथले वाटाडे पर्यटकांना सांगतात. १९८० मध्ये जॉन बॉडली आणि फोली बेन्सन यांनी एक मर्यादित शक्यता मांडली होती: कोवळ्या ताडावर मोठे झाड कोसळले, तर तो नवी आधारमुळे काढून मूळ जागेपासून थोडा दूर पुन्हा उभा राहू शकेल. पुढे २००५ मध्ये गेरार्डो आवालोस आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी या मुळांचा बारकाईने अभ्यास करून दाखवले की मुळे मरतात आणि फुटतात हे खरे, पण खोड जागचे हलत नाही. म्हणजे पांथकेवड्याला खऱ्या जगात थेट पूर्वज नाही. आपल्याला तो पायापासून उभा करावा लागेल.

प्रथम ऊर्जेचा हिशेब करू. हे आकडे ढोबळ आहेत, पण आवाका समजायला पुरेसे आहेत. महाराष्ट्रात एका चौरस मीटरवर दिवसाकाठी साधारण ५ युनिट ऊर्जा सूर्यप्रकाशातून येते. हे युनिट विजेच्या बिलात असते तेच. वनस्पती तिच्यातला सुमारे १ टक्का भाग अन्नाच्या रूपात बांधते, असे धरले तर हाती येतात जेमतेम ४३ किलोकॅलरी. ज्वारीच्या एका भाकरीच्या निम्म्याहूनही कमी. पांथकेवड्याचा झुबका १० चौरस मीटर ऊन झेलतो असे मानू. दिवसाची कमाई झाली ४३०. त्यातला साधारण निम्मा वाटा श्वसनातच खर्च होतो आणि उरतात २१५.

आता खर्चाची बाजू. ६० किलो वजनाचा माणूस एक किलोमीटर चालला की साधारण ५० किलोकॅलरी खर्च होतात. आपले झाड ३०० किलोचे आहे आणि प्राण्यांइतक्याच कौशल्याने चालते असे मानले, तर त्याला किलोमीटरमागे १५० लागतील (शरीर मोठे असले की वजनाच्या मानाने चालण्याचा खर्च कमी येतो). परंतु झाडाला स्नायू नसतात. त्याची हालचाल दहापट खर्चिक असेल असे मी गृहीत धरतो. हा आकडा माझा आहे, तो कुठून घेतलेला नाही. म्हणजे किलोमीटरला १५००. बारा कोस म्हणजे सुमारे ३६ किलोमीटर धरले, तर एका रात्रीच्या पळापळीसाठी ५४,००० किलोकॅलरी हव्यात. अडीचशे दिवसांची सगळी बचत, तीही त्या काळात एकही नवे पान न काढता! त्यामुळे तिसऱ्या प्रकरणातली ती रात्र मला अशक्य वाटते, हे खेदाने सांगतो. रोजच्या कमाईवर जगणारे झाड सगळी शिल्लक चालण्यावर उधळेल, तर दिवसाला दीडशे मीटरच्या आतच थांबेल.

तरवा:

मी शिक्षक नाही. रत्नागिरी जिल्ह्यात आमची भातशेती आहे. तरीही मला राहवले नाही, कारण झाडाला एका जागेवरून उठवून दुसऱ्या जागी नेणे म्हणजे काय, ते आम्ही दर आषाढात पाहतो.

तीन आठवड्यांचा तरवा, म्हणजे भाताची कोवळी रोपे, उपटताना कितीही जपले तरी बारीक मुळे तुटतातच. मुळांचा चिखल धुवायचा, मुठी बांधायच्या आणि चिखलणी झालेल्या खाचरात लावायच्या. पहिल्या दिवशी रोप मान टाकते, पुढचे आठ-दहा दिवस पिवळे पडते आणि मगच अंग धरते. त्या दिवसांत पाण्याने दगा दिला तर सगळे मुसळ केरात. आमचे वडील लावणीआधी रोपांचे शेंडे खुडायचे. लहानपणी मला वाटायचे, कापलेल्या रोपाला किती दुखत असेल! नंतर समजले की मुळे तुटल्यावर रोपाला वरचा पसारा पोसवत नाही. पाती जितकी कमी, तितके उन्हाने उडून जाणारे पाणी कमी. पाणी पिणारे मूळ म्हणजे आपल्याला दिसते ते जाड मूळ नव्हे. त्याच्या टोकाजवळ केसांहून बारीक लव असते, ती पाणी ओढते, आणि मूळ मातीतून निघाले की पहिला बळी तिचाच जातो.

म्हणून आपल्या भाचीला माझे उत्तर असे राहील: पांथकेवड्याची मुळे दोन प्रकारची असावीत. आठ जाड मुळे चालण्यासाठी, आणि त्यांच्या टाचेखालून जमिनीत खोल गेलेली बारीक मुळे पिण्यासाठी. चालायची वेळ आली की पिण्याची मुळे तो स्वतःहून तोडून तिथेच सोडून देतो. ती बरोबर नेता येत नाहीत. नव्या जागी पोहोचला की पुन्हा पहिल्यापासून काढतो. चालताना तो पाणी पीतच नाही. त्यामुळे निघण्याआधी त्याने सगळी पाती गाळायला हवीत. आमच्याकडचा पांगारा आणि सावर उन्हाळ्याच्या तोंडाला पाने गाळून उघडे होतात, तसेच. आणि चालायचे तर रात्रीच, कारण उघडी पडलेली मुळे दिवसाच्या उन्हात तासाभरात वाळतील.

पानफुटी:

तरवा यांचा प्रतिसाद या चर्चेतला सगळ्यात मोलाचा आहे असे मला वाटते, कारण अडचण मुळाशीच आहे हे त्यांनी अनुभवातून दाखवून दिले. त्याला मी फक्त हालचालीची बाजू जोडते.

स्नायू नसताना झाड कसे हलते, याचे उत्तम उदाहरण लाजाळू आहे. तिच्या पानाच्या देठाच्या बुडाशी एक फुगीर गाठ असते. स्पर्श झाला की गाठीच्या एका बाजूच्या पेशींतून पोटॅशियमचे आयन बाहेर पडतात, त्यांच्यामागोमाग पाणी बाहेर जाते, ती बाजू सैल पडते आणि पान खाली येते. मिटायला क्षणभर पुरतो. उघडायला मात्र पंधरा-वीस मिनिटे, कधी त्याहून अधिक लागतात, कारण तेच पाणी पुन्हा भरून घ्यायचे असते. जगदीशचंद्र बोस यांनी लाजाळूवर आणि टेलिग्राफ प्लांट म्हणून ओळखल्या जाणाऱ्या वनस्पतीवर कितीतरी वर्षे प्रयोग केले. या दुसऱ्या वनस्पतीची बाजूची चिमुकली पाने कोणी न शिवताही काही मिनिटांत एक फेरी पूर्ण करतात. थोडक्यात, पाण्याच्या दाबावर चालणारा सांधा निसर्गात आहे आणि तो चांगला कामही करतो.

पांथकेवड्याच्या प्रत्येक पायाला असा एक गुडघा द्यावा, असे मी सुचवेन. मात्र दोन पथ्ये पाळावी लागतील. पहिले, गुडघा लाकडाचा असून चालणार नाही, कारण लाकूड एकदा तयार झाले की वाकत नाही. तो जन्मभर हिरवा आणि कोवळाच राहायला हवा. दुसरे, तो एकसंध जाड असेल तर पाणी आतपर्यंत पोहोचायला फार वेळ जाईल, म्हणून शेकडो बारीक हिरव्या दोऱ्यांची मोळी बांधावी तशी त्याची रचना असावी.

देवराई सरांचा ऊर्जेचा हिशेब मला मान्य आहे. पण माझ्या मते गाडी अडते ती वेळेपाशी. एक गुडघा रिकामा होऊन पुन्हा भरायला अर्धा तास धरा. तोल राखायचा तर आठातले दोनच पाय एका वेळी उचलता येतील, म्हणजे सगळे पाय एकदा पुढे पडायला दोन तास. एक पाऊल मीटरभराचे. तरवा म्हणतात त्याप्रमाणे फक्त रात्रीचे बारा तास चालायचे तर एका रात्रीत सहा मीटर. चार महिन्यांच्या कोरड्या ऋतूत सातशे मीटरच्या आसपास, म्हणजे पाव कोस.

एक वेगळा मार्गही आहे. मेक्सिकोच्या बाहा कॅलिफोर्निया सुर भागात स्टेनोसेरियस एरुका नावाचे निवडुंग जमिनीवर आडवे पसरून वाढते. पुढचे टोक वाढत जाते, वाटेत खालून मुळे फुटतात आणि मागचा भाग मरून मातीला मिळतो. वर्षांच्या हिशेबात पाहिले तर सगळे झाडच पुढे सरकलेले असते. आपल्याकडचा वडही काही प्रमाणात हेच करतो. हावड्याच्या वनस्पती उद्यानातल्या प्रसिद्ध वडाचे मूळ खोड बुरशीने पोखरले म्हणून १९२५ मध्ये काढून टाकावे लागले, आणि आज तो वड तीन हजारांहून अधिक पारंब्यांवर उभा आहे. असा पांथकेवडा लिहायला सोपा जाईल. परंतु आपल्या कथेत गाव त्याच्या मागोमाग जाते, मुले त्याला ओळखतात. वाढत पुढे गेलेले टोक म्हणजे तेच झाड का, हा प्रश्न मग कथेचा ताबा घेईल. मला स्वतःला गुडघे असलेला पांथकेवडाच अधिक आवडला.

पठारावरची:

आपणा तिघांचे प्रतिसाद मी छापून टेबलावर ठेवले आहेत. बारा कोस गेले, आणि ते गेल्याचे वाईट वाटण्याऐवजी मला हायसे वाटते आहे. एका रात्रीत सहा मीटर, हा आकडा वाचल्यापासून ते झाड मला प्रथमच डोळ्यांसमोर दिसू लागले.

एक शंका राहिली. पाती गाळून चालायचे म्हणजे चालण्याच्या चार महिन्यांत कमाई शून्य. मग तो चालतो कशाच्या जोरावर?

देवराई:

सुरणाच्या. खोडाचे बूड फुगीर असल्याचे आपण पहिल्याच परिच्छेदात लिहिले आहे. तोच त्याचा कंद समजा. सुरणाचे पान दरवर्षी गळून जाते, कंद जमिनीखाली नुसता पडून राहतो आणि पाऊस आला की साठवलेल्या अन्नावर नवा कोंब वर येतो. एक किलो सुरणात साधारण १००० किलोकॅलरी असतात.

पावसाचे चार महिने पाती असतील, रोजची शिल्लक २१५ असेल आणि तिच्यातली निम्मी वाढीला व फुलाफळांना गेली, तरी वर्षाला १३,००० किलोकॅलरी, म्हणजे सुमारे १३ किलो कंद साठतो. पाव कोस चालायला सुमारे ११०० किलोकॅलरी लागतील, म्हणजे एका वर्षाच्या साठ्यावर तेवढे जमेल; पण पोहोचल्यावर नवी मुळे आणि पहिली पाती उरलेल्या साठ्यातूनच काढायची आहेत, आणि त्यात पाण्याने दगा दिला तर हाताशी दुसरी पुंजी नसेल. मग तरवा यांनी वर्णन केलेले ते पिवळे पडलेले दिवस ओलांडणे झाडाला अवघड जाईल. म्हणून त्याने दरवर्षी चालू नये, असे मला वाटते. आपल्या सह्याद्रीत कारवी वर्षानुवर्षे नुसती वाढते आणि साधारण सात वर्षांनी एकदम सगळा उतार फुलवते. पांथकेवड्यानेही सात वर्षे साठवावे आणि मग एकदा चालावे. तोपर्यंत त्याच्याजवळ ९० किलोंचा कंद असेल आणि संकटाला तोंड देण्याइतकी पुंजीही. आपल्या पावसाचा पट्टाही सात वर्षांत पाव कोसच सरकतो, असे ठरवले की जग आणि झाड एकमेकांना धरून राहतील.

आणखी एक गोष्ट. पांगारा आणि पळस पाने गळाल्यावर फुलतात. आपला पांथकेवडाही चालण्याच्याच ऋतूत फुलू द्या. आग्या मधमाश्या फुलोऱ्यामागे दूरवर स्थलांतर करतात. सात वर्षांनी फुललेले, पाने नसलेले, रात्री पुढे सरकणारे बन आणि दिवसा त्याच्यावर उतरलेली मोहोळे, हे दृश्य मला फार दिवस पुरेल.

पठारावरची:

तिसरे प्रकरण मी कालपासून पुन्हा लिहायला घेतले आहे. वणवा ठेवला आहे, पण आता बन पळू शकत नाही. पाती गळालेली आहेत, गुडघे कोवळे आहेत आणि पिण्याची मुळे मागे राहिली आहेत. झाड सगळ्यात दुबळे असते ते नेमके याच चार महिन्यांत. त्यामुळे पळून वाचण्याचा प्रसंग जाऊन त्या जागी गावाने रात्रभर राबून जाळरेषा, म्हणजे आग अडवणारी मोकळी पट्टी, काढण्याचा प्रसंग आला आहे. पूर्वी गाव झाडाच्या जिवावर जगत होते, एवढेच मी लिहिले होते. आता सात वर्षांतून एकदा झाड गावाच्या जिवावर जगते. हे मला स्वतःहून सुचले नसते.

नव्या मसुद्यातला एक तुकडा इथे देते. चुकले असेल तर निःसंकोच सांगावे:

"आजीने तिचा हात धरून थोरल्या केवड्याच्या गुडघ्यावर ठेवला. गुडघा गार होता आणि ताज्या भेंडीसारखा लवदार होता. 'बोलू नकोस,' आजी म्हणाली. बराच वेळ काहीच झाले नाही. मग तळहाताखाली काहीतरी सैल पडले. भरलेल्या पखालीचे तोंड कोणी हळूच सोडावे तसे. आतून पाणी सरकल्याचा बारीक आवाज आला, मातीत कुठेतरी तटकन काही तुटले आणि जाडजूड पाय चार बोटे वर उचलला गेला. त्याला चिकटलेले ढेकूळ तिच्या पावलावर पडले. ते ओले होते. चार महिने पाऊस नव्हता, तरी ते ओले होते."

भाचीने हे वाचले. या वेळी तिने फुली मारली नाही, फक्त "ते ओलं कसं?" एवढेच विचारले, आणि त्याचे उत्तर या वेळी माझ्याजवळ होते.

तरवा:

तुकडा वाचला. तो "तटकन" आवाज अगदी बरोबर आहे. तरवा उपटताना हाताला तसेच जाणवते.

एक सुचवतो, पटले तर घ्या. झाड उठून गेल्यावर त्या जागी काय राहते, ते आपण कुठेच लिहिलेले नाही. आठ पायांचे आठ खड्डे राहतील, आणि त्यांच्या तळाशी सोडून दिलेली बारीक मुळे. ती कुजली की जमिनीत खोलवर नळ्यांसारख्या वाटा तयार होतात. आमच्या बांधावरचे आंब्याचे जुने झाड पडले, तेव्हा दोन-तीन वर्षांनी त्या जागेत पावसाचे पाणी इतरत्र मुरते त्याहून भराभर मुरताना मी पाहिले आहे. आपला पावसाचा पट्टा निघून गेला तरी शेवटच्या सरींचे पाणी त्या आठ खड्ड्यांत उतरलेले असणार. गाव पुढे गेल्यावर ज्या म्हाताऱ्यांना चालवत नाही, ते मागे राहून त्या खड्ड्यांच्या काठी नाचणी पेरू शकतील. एक हंगाम तरी पीक निघेल.

पठारावरची:

नायिकेची आजी मागे राहते. ते मी आधीच लिहून ठेवले होते. ती तिथे काय खाईल, हे मात्र ठरत नव्हते. नाचणीच पेरते.